काळ, वेग आणि आमची घाई
(मंडळाच्या वर्धापनदिनी झालेले भाषण)



दरवर्षी वर्धापनदिनाला आपण बाहेरगावच्या विदुषींना बोलावतो. यंदा कार्यवाहबाईंनी सुचवले की आपल्यातल्याच कोणी तरी बोलावे, आणि चिठ्ठी नेमकी माझ्या नावाची निघाली. मी सातवी पास. सभेत उभी राहून आजवर मी फक्त आभार मानले आहेत, तेही कागदावरून वाचून. माझा विषय वाहनांचा वेग आहे असे कळल्यावर दोघीतिघी हसल्या. एक म्हणाली, "अहो, तुम्हांला तर सायकलसुद्धा येत नाही!" ते खरेच आहे. मला सायकल येत नाही. पण आमच्या घरची गाडी रस्त्यावर किती वेगाने धावते हे ठरवण्यात माझा हात किती होता, ते मला २०२५ सालच्या भोगीच्या दिवशी कळले. तेवढेच आज सांगावयाचे आहे.

ज्यांच्याविषयी बोलावयाचे त्या मावशी पहिल्या रांगेत काठी घेऊन बसल्या आहेत. त्यांना विचारल्यावाचून मी हा विषय घेतलेला नाही. त्या म्हणाल्या, "बोल की. मी बी ऐकते."

आमच्या घरची स्कूटर माझ्या नावावर आहे. बचत गटाचे कर्ज माझ्या नावाने निघाले, म्हणून गाडीच्या पुस्तकावरही माझेच नाव लागले. थोरला तेव्हा अकरावीत होता, वय सोळा पुरे. शिकवणी तालुक्याच्या गावी, घरापासून सहा किलोमीटर. एस.टी. वेळेवर येत नाही, आमच्या ह्यांना शेतातून सवड नाही. तेव्हा किल्ली मीच त्याच्या हाती दिली. सगळ्यांचीच मुले चालवतात, हे माझे उत्तर तयार असे. सोळाव्या वर्षी परवाना मिळतो, असेही कोणी तरी सांगितले होते. तो मिळतो, पण बिनगिअरच्या, ५० सी.सी.पर्यंतच्या गाडीसाठी. आमची गाडी ११० सी.सी.ची. हा फरक मला तेव्हा ठाऊक नव्हता, आणि खरे सांगावयाचे तर मी विचारलाही नव्हता.

२०२४ च्या श्रावणातला शुक्रवार. जिवतीची पूजा मांडली होती, चुलीवर पुरण होते. इतक्यात थोरल्याचा फोन आला. तालुक्याच्या चौकात हवालदारांनी अडवले होते. वेग जास्त, डोक्यावर हेल्मेट नाही, परवाना तर नाहीच. हवालदार माझ्याशी बोलले. माणूस सभ्य होता. म्हणाले, "बाई, मुलगा लहान आहे. गाडी ठेवून घेतो. तुम्ही मालक आहात, ठाण्यात या, रीतसर पावती होईल." मी बरे म्हटले, फोन ठेवला, आणि लगेच माझ्या मामेभावाला लावला. त्याची चार ठिकाणी ओळख आहे. अर्ध्या तासात गाडी सुटली. पावती नाही, दंड नाही. मुलगा घरी आला, तेव्हा मी त्याला ओवाळले, पानात पुरणपोळी वाढली आणि म्हणाले, "मामामुळे वाचलास बरे का आज!" जिवतीच्या पूजेचा दिवस, आणि मला वाटले, मुलाला वाचवले ते मीच.

आता मला ज्याची लाज वाटते ते सांगते. त्याच वर्षी १९ मे रोजी पुण्यात कल्याणीनगरला भरधाव मोटारीने दुचाकीवरच्या दोन तरुण इंजिनिअरांना चिरडले होते. मोटार सतरा वर्षांचा मुलगा चालवत होता असे पोलिसांनी सांगितले, आणि बालन्याय मंडळाने आधी तीनशे शब्दांचा निबंध लिहिण्याची अट घालून त्याला जामीन दिला, ते तुम्हां सर्वांना आठवत असेल. या सभागृहात, इथेच सतरंजीवर बसून, आपण त्या श्रीमंत घराला किती नावे ठेवली! सर्वांत मोठा आवाज माझा होता. पोराच्या हाती किल्ली देणारी आई कसली, असेही मी म्हटले होते. आणि तीन महिन्यांनी मामेभावाला फोन करताना मला त्यातले काही म्हणजे काही आठवले नाही. ती मोटार लाखांची होती आणि आमची स्कूटर कर्जाची, एवढाच काय तो फरक.

जानेवारीत भोगी आली. सकाळची वेळ. भाजीला सगळे होते, पण तीळ संपले होते. थोरला शिकवणीहून परत निघाला असेल, म्हणून मी फोन केला की येताना तीळ आण. त्याने उचलला नाही. पुन्हा केला. मग उचलला, मी म्हटले, "कुठवर आलास? लवकर ये, भाजी खोळंबली आहे." तो "आलोच" म्हणाला. गाडी चालवतच बोलला असणार. मी ते विचारले नाही.

मराठी शाळेपुढच्या वळणावर मावशी पिशवीत वाल-पावटा आणि गाजरे घेऊन रस्ता ओलांडत होत्या. पुढचे सविस्तर सांगत नाही. मावशींच्या खुब्याचे हाड मोडले. थोरल्याचे कोपर आणि गुडघा सोलवटला, त्यापलीकडे त्याला काही झाले नाही. एका रिक्षावाल्याने मावशींना उचलून दवाखान्यात नेले. तो अनोळखी माणूस पोलिसांच्या लफड्याला भ्याला नाही, हे आमचे भाग्य. जखमीला नेणाऱ्याला त्याच्या मनाविरुद्ध नाव-गाव सांगण्याची सक्ती करता येत नाही आणि त्याच्यावर जबाबदारी येत नाही. २०१९ साली मोटार वाहन कायद्यात तसे कलमच घातले आहे. हे आपल्या घरच्या पुरुषांना जरूर सांगा, कारण त्यांतले पुष्कळ जण भीतीपोटी पुढे निघून जातात.

शस्त्रक्रियेला माझ्या पाटल्या गेल्या. ते काही मोठे सांगण्यासारखे नाही. ज्याचे होते त्याला दिले. विम्याचे म्हणाल तर चालवणाऱ्याकडे परवाना नसला की विमा कंपनी जखमीला भरपाई देऊनही पुढे मालकाकडून ती वसूल करू शकते. मालक म्हणजे मी. खटला अजून न्यायालयात आहे, त्याविषयी इथे बोलणे बरे नव्हे.

दवाखान्यात तिसऱ्या दिवशी मावशी मला म्हणाल्या, "पोरगं मला लांब दिसलं हुतं ग. शाळेच्या पल्याड हुतं. म्हनलं, तवर मी जाते की पलीकडं." हे वाक्य मी कितीतरी रात्री मनात घोळवत होते. मावशींना तो दिसला होता! त्या आंधळेपणाने रस्त्यात शिरल्या नव्हत्या. त्यांचा अंदाज चुकला. कारण जन्मभर त्यांनी बैलगाडीचा, सायकलचा, फार तर एस.टी.चा अंदाज बांधला. तेवढ्या अंतरावरचे वाहन आपल्यापाशी यायला किती वेळ लागतो, हे त्यांच्या पायांना ठाऊक होते. त्यांचे पाय चुकले नाहीत, वाहनाचा वेग बदलला होता.

थोरल्याला विचारले, वेग किती होता? म्हणाला, "फार नव्हता, पंचावन्न-साठ असेल." ह्यांनाही ते फार वाटले नाही. मला कळेना, की साठ म्हणजे फार की थोडे. मग मी धाकटीची पाटी-पेन्सिल घेतली. सातवीत आम्हांला काळ-काम-वेगाची उदाहरणे होती. गुरुजी विचारायचे, आगगाडी अमुक वेगाने जाते तर खांब ओलांडायला किती वेळ लागेल? त्या उदाहरणांचा संसारात काही उपयोग झाला नाही म्हणून मी आजवर हसत आले होते.

तासाला ६० किलोमीटर म्हणजे साठ हजार मीटर. तासाचे सेकंद ३६००. भागून आले १६ मीटर आणि वर थोडे. म्हणजे एका सेकंदात जवळजवळ सतरा मीटर. सहावारी साडी साडेपाच मीटरची असते. तीन साड्या टोकाला टोक लावून अंगणात पसरा; तेवढे अंतर, 'अरे' म्हणेपर्यंत संपते. माणूस समोर दिसल्यावर हात ब्रेकवर जाईपर्यंत सुमारे सेकंदभर जातोच, मन कितीही ठिकाणावर असले तरी. म्हणजे ब्रेक लागण्यापूर्वीच तीन साड्या संपल्या. आणि कानाशी आईचा फोन असेल तर किती जास्त, ते मी मोजले नाही.

पुढचे गणित मला येत नव्हते. ते शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंकडून समजून घेतले. वेग दुप्पट झाला की ब्रेक लागल्यापासून गाडी थांबेपर्यंतचे अंतर दुप्पट होत नाही, चौपट होते. कोरडा रस्ता, चांगले ब्रेक असे धरून त्यांनी आकडे काढून दिले: ४० च्या वेगाला दिसल्यापासून थांबेपर्यंत सुमारे वीस मीटर, ६० ला सदतीस, ८० ला सत्तावन्नच्या आसपास. पावसात याहून जास्त. शाळेच्या फाटकापासून वळणापर्यंतचे अंतर मी पावलांनी मोजून आले. तीस मीटरसुद्धा भरत नाही. म्हणजे थोरला ४० ने आला असता, तर मावशींच्या अलीकडे थांबला असता आणि फार तर चार शिव्या खाल्ल्या असत्या.

बाईंनी आणखी एक गोष्ट सांगितली, ती मला सर्वांत पटली. ताशी ३० किलोमीटरच्या वेगाने धडकणे म्हणजे साडेतीन मीटरांवरून, आपल्या माडीच्या खिडकीतून, खाली पडण्यासारखे. आणि ६० च्या वेगाने म्हणजे चौदा मीटरांवरून, चार-पाच मजली इमारतीवरून. वेग दुप्पट, उंची चौपट. माडीवरून पडलेली माणसे आपण पाहिली आहेत. हात मोडतो, पाय मोडतो, माणूस बहुधा वाचतो. चौथ्या मजल्याचे मी सांगावयास नको. थोरल्याने शेवटी ब्रेक दाबला होता, म्हणून मावशी आज इथे आहेत.

आणि वाचले किती? सहा किलोमीटरला ४० च्या वेगाने नऊ मिनिटे लागतात, ६० च्या वेगाने सहा. तीन मिनिटे, मैत्रिणींनो. तीन मिनिटांत तीळसुद्धा नीट भाजून होत नाहीत.

आता कायद्याविषयी मला जे समजले ते थोडक्यात सांगते. तुम्हांपैकी पुष्कळजणींच्या नावावर गाड्या आहेत. मोटार वाहन कायदा १९८८ सालचा. २०१९ साली त्यात मोठी दुरुस्ती झाली आणि दंड वाढले. आपल्या राज्यात वाढीव दर डिसेंबर २०२१ पासून लागू झाले. मर्यादेपेक्षा जास्त वेगाला हलक्या वाहनास एक ते दोन हजार रुपये, जड वाहनास दोन ते चार हजार. अठरा वर्षांखालच्या मुलाने गुन्हा केला, तर पालकाला किंवा गाडीच्या मालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड; गाडीची नोंदणी बारा महिने रद्द; आणि त्या मुलाला पंचविसाव्या वर्षापर्यंत परवाना नाही. मला माहीत नव्हते किंवा माझी परवानगी नव्हती, हे पालकानेच सिद्ध करावयाचे असते. मी काय सिद्ध करणार? किल्ली माझ्या पदराच्या गाठीतून सुटली होती.

हल्ली हवालदाराने अडवलेच पाहिजे असेही नाही. कॅमेरा गाडीची पाटी टिपतो आणि चलन मालकाच्या फोनवर येते. अपघातानंतर मी माझ्या फोनमधले जुने संदेश मुलीकडून वाचून घेतले, तेव्हा दोन चलने त्यात निघाली. मी ती जाहिरात समजून पुसावयाची ठेवली होती. (खोटे संदेशही येतात, हे खरे, म्हणून संदेशातल्या दुव्यावर बोट न ठेवता सरकारी संकेतस्थळावर गाडीचा नंबर घालून पाहावे. मुलीला सांगावे, ती पाहून देते.) मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर २०२४ पासून नवी यंत्रणा बसली आहे, ती तर दोन ठिकाणांमधले अंतर आणि लागलेला वेळ यांवरून वेग काढते. कॅमेरा दिसला की हळू आणि पुढे पुन्हा भरधाव, ही हुशारी तिथे चालत नाही. गुरुजींचेच उदाहरण, यंत्राने सोडवलेले!

कायद्याची बाजू घेते म्हणून सगळे ठीकच चालले आहे, असे मी म्हणत नाही. गाड्या पकडण्याची जागा बहुधा मोकळ्या सरळ रस्त्यावर, जिथे पकडणे सोपे. शाळा सुटताना शाळेपुढे कोणी नसते. चलने साठत जातात, आणि लोकअदालतीत काही तरी कमी होईल म्हणून लोक भरतच नाहीत. वेगमर्यादेचा फलक झाडाआड असतो, नाही तर त्यावर वाढदिवसाच्या शुभेच्छा चिकटवलेल्या असतात. हे सगळे खरे आहे. पण त्या श्रावणातल्या शुक्रवारी माझ्यासाठी कायदा बरोबर जागेवर, बरोबर वेळी उभा होता. त्याने नीट भाषेत सांगितले होते की गाडी ठेवून घेतो. त्या दिवशी गाडी ठाण्यात राहिली असती, दंडाने महिन्याचा किराणा अडला असता, ह्यांनी मला आणि मुलाला बोल लावले असते. आणि भोगीला मावशींनी भाजी घरी नेली असती.

२०२२ साली आपल्या देशात रस्त्यांवरच्या अपघातांत १,६८,४९१ माणसे गेली. सरकारी अहवालात दर दहांतले सात मृत्यू अतिवेगाच्या खाती मांडले आहेत. एवढा मोठा आकडा माझ्या मनात मावत नाही. मला एकच लक्षात राहते, आणि ती परदेशची बाई आहे. धाकटीने शाळेच्या ग्रंथालयातून ही हकीकत वाचून आणली. विलायतेत १८६५ च्या कायद्याने रस्त्यावरच्या इंजिनगाडीला गावात ताशी दोन मैल आणि गावाबाहेर चार मैल एवढाच वेग होता, आणि पुढे एका माणसाने लाल निशाण घेऊन चालावयाचे. १८९६ साली वेगाबद्दल दंड झालेला पहिला मोटारवाला ताशी आठ मैलांनी चालला होता, आणि त्याला पकडले पोलिसाने सायकलवरून! इथे आम्ही दोघी मायलेकी पोटभर हसलो. पुढे तिने वाचले की त्याच वर्षी ऑगस्टमध्ये लंडनला ब्रिजेट ड्रिस्कॉल नावाची बाई मोटारीखाली सापडून वारली. त्या देशात मोटारीने मेलेली ती पहिली पादचारी. वय चव्वेचाळीस, घरसंसार करणारी, बरोबर तिची मुलगी. गाडी ताशी चार मैलांनीच चालली होती असे चालवणाऱ्याने सांगितले. ती बाई रस्त्यात गोंधळून उभी राहिली. असे पुन्हा कधी घडू नये, असे तिथल्या पंचनाम्याच्या अधिकाऱ्याने म्हटल्याचे लिहिले आहे. माझेही वय तेवढेच, म्हणून ती मनात राहिली असेल.

आता आपल्या घरातले बोलते, आणि राग मानू नका. माहेरी जाताना ह्यांनी गाडी हळू चालवली की "बैलगाडी हाकताय का?" असे कोण म्हणत असे? मीच. मागून कोणी पुढे गेला की "तो बघा गेला" असे कोण म्हणत असे? दहावीला चांगले गुण मिळाले तर गाडी घेऊन देऊ, हे आपण देवापुढे कबूल करतो. जावयाला मोटारसायकल देतो, आणि हेल्मेट तेवढे त्याने घ्यावे! जेवणाला उशीर झाला की फोन, पाहुणे आले की फोन, दूध संपले की फोन. मुलाने उचलला नाही तर आपल्याला काळजी, उचलला तर चालत्या गाडीवर. आमच्याकडे आता मुलगा, नवरा कोणीही रस्त्यावर असेल तर मी फोन करत नाही. पहिला महिना मला फार जड गेला. भाजी गार होते, आणि दोनदा गरम करावी लागते.

थोरला आता एस.टी.ने जातो. बस चुकली तर पायी निघतो. मावशींचे दळण तोच आणतो. मी त्याला तसे सांगितले नव्हते; आणि मावशी त्याला "वाहनचालक आला" म्हणून हाक मारतात, तेव्हा तो कान पाडून हसतो. त्या दोघांचे काय ते त्यांना माहीत.

शेवटी कामाचे. वेगमर्यादा कमी करण्याचा अधिकार राज्य सरकारला आणि त्याने नेमलेल्या अधिकाऱ्यांना कायद्याने आहे, आणि त्यासाठी तिथे फलक लावावा लागतो. शाळेपुढच्या वळणावर ताशी ३० ची मर्यादा, दोन्ही बाजूंना फलक आणि नियमाप्रमाणे पांढरे पट्टे मारलेला गतिरोधक मिळावा, असा अर्ज आपल्या मंडळाने ग्रामपंचायतीमार्फत बांधकाम विभागाकडे पाठवला होता. अपघातानंतर गल्लीतल्या मुलांनी हौसेने मुरूम टाकून स्वतःच एक गतिरोधक केला. अंधारात तो न दिसून दूधवाला पडला, म्हणून तो आपणच काढून टाकला. अर्जाचे उत्तर आलेले नाही. आता दुसरा अर्ज लिहिला आहे, त्यावर कालपर्यंत ६१ सह्या झाल्या. पहिली सही मावशींची आहे, आपल्या साक्षरता वर्गात त्या शिकल्या. त्यांनी नावापुढे वळणाची जागाही लिहिली आहे, विचारल्याशिवाय. कागद पाण्याच्या घड्याशेजारच्या टेबलावर आहे. ज्यांची सही राहिली असेल त्यांनी चहाला जाण्यापूर्वी करावी. पेन दोऱ्याने बांधले आहे, ते कोणी नेऊ नये.